खोलीतला कोबा आणि पाण्याचा हिशेब

मागच्या खोलीत चालताना एका जागी पावलाचा आवाज बदलायचा. भरीव जमिनीचा ठप्प आवाज जाऊन रिकाम्या डब्यासारखा पोकळ आवाज यायचा. वर्षभरात तिथल्या दोन फरश्या तडकल्या, तिसरी खचली आणि मग भिंतीजवळचं कपाट पुढे कललं. फरशी उचलली, तर खाली कुठे बोटभर, कुठे चार बोटं पोकळी. खालची भर बसली होती आणि वरचा पातळ कोबा अधांतरी राहिला होता.

हे काम आपणच करायचं, असं मी आणि माझ्या नवऱ्याने ठरवलं. पैसे वाचतील हा एक भाग होताच. पण त्याहून मोठं कारण म्हणजे या वेळी खाली काय जातंय ते मला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. वर फरशी बसली की खालचं कुणाला दिसत नाही, आणि दिसत नाही तिथेच कामचुकारपणा होतो. मदतीला माझा मोठा भाऊ आणि वहिनी आले. चौघांपैकी कुणीही गवंडी नाही. मी काही महिने या विषयावर मिळेल ते वाचत होते आणि एका अनुभवी गवंड्याशी दोनदा सविस्तर बोलले होते, एवढीच शिदोरी.

एक गोष्ट आधीच सांगते. हे सगळं जमिनीवर टेकलेल्या, तळमजल्याच्या कोब्याबद्दल आहे. खांबांवर आणि तुळयांवर तोललेला स्लॅब ही पूर्ण वेगळी गोष्ट. तिथे अभियंत्याच्या आराखड्याशिवाय कुणीही हात घालू नये.

जुना कोबा पहारीने फोडायला दोन दिवस गेले. खाली जे निघालं त्यावरून सगळा उलगडा झाला: विटांचे तुकडे, गोण्यांच्या चिंध्या, कुजून भुसा झालेला लाकडाचा ओंडका, आणि या सगळ्यावर एकदाच ओतलेली माती. कधी चोपलीच नव्हती. लाकूड कुजलं की त्याच्या आकाराची पोकळी राहते, आणि न चोपलेली माती वर्षानुवर्षं स्वतःच्याच वजनाने बसत राहते. आम्ही खालची मूळची घट्ट जमीन लागेपर्यंत सगळं उपसलं.

मग मुरमाची भर, १५ सेंटीमीटरच्या थरांनी. एक थर पसरायचा, पाणी शिंपडायचं, धुम्मसाने चोपायचं, मगच दुसरा. पाण्याशी आमची पहिली गाठ इथे पडली. दादाने उत्साहाने नळी लावून पहिला थर चिंब भिजवला. "पाण्याने चांगलं बसेल," म्हणाला. बसलं नाही. धुम्मस पडला की भोवतीचा मुरूम लापशीसारखा वर उचलला जायचा. मातीच्या कणांमधली जागा पाण्याने भरली की कण जवळ येणार कुठून? दोन दिवस ते वाळण्याची वाट पाहिली. त्यानंतर मी गवंड्याने सांगितलेली खूण वापरली: मूठभर मुरूम आवळायचा. गोळा झाला आणि बोटाने दाबल्यावर दोन-तीन तुकड्यांत फुटला तर ओल बरोबर. तळहात ओला झाला तर जास्त. गोळाच झाला नाही तर कमी. या एका खुणेने पुढचे सगळे थर दगडासारखे बसले.

भरीवर १५ सेंटीमीटर जाड खडीचा थर घातला आणि चोपला. मोठ्या खडीत मोकळ्या जागा राहतात, त्यामुळे जमिनीतली ओल वातीतून तेल चढावं तशी वर चढू शकत नाही. त्यावर बारीक वाळूचा पातळ थर, म्हणजे खडीची टोकं वरच्या प्लास्टिकला भोकं पाडणार नाहीत. मग २५० मायक्रॉनचं प्लास्टिक. जोडाला ३० सेंटीमीटर एकावर एक घेऊन पट्टीने चिकटवलं आणि कडेला भिंतीवर वर वळवलं. खालून जाणारा सांडपाण्याचा नळ झाकण्याआधी पाण्याने भरून रात्रभर ठेवला आणि सकाळी पातळी तपासली. कोब्याखाली गळती निघाली तर सगळं फोडावं लागतं, म्हणून ही एक रात्र सोडू नये.

लेव्हलसाठी आम्ही पाण्याची पारदर्शक नळी वापरली. दोन्ही टोकांचं पाणी एका उंचीवर राहतं, यापेक्षा प्रामाणिक मोजमाप मला माहीत नाही. फक्त नळीत हवेचा एकही बुडबुडा नको. आमची पहिली फेरी बुडबुड्यामुळेच चुकली, सुरुवातीच्या खुणेवर परत आल्यावर एका सेंटीमीटरचा फरक निघाला. बुडबुडा काढून पुन्हा केलं. तयार कोब्याच्या बरोबर १ मीटर वर चारही भिंतींवर रेघ मारली. पुढे प्रत्येक थराची उंची त्या रेघेवरून खाली मोजली, जमिनीवरून वर कधीच नाही.

भिंतीच्या कडेने १० मिलिमीटर जाड फोमची पट्टी लावली. कोबा भिंतीला घट्ट धरून राहिला तर आकसताना त्याला सरकता येत नाही आणि मधोमध तडा जातो. पट्टी असली की तो सुटा राहतो. जाळी ६ मिलिमीटरच्या सळ्यांची होती. जाळीने भेगा पडायच्या थांबतात असा समज मलाही होता. तसं नाही. भेग पडलीच तर ती उघडू न देणं हे जाळीचं काम, आणि त्यासाठी ती कोब्याच्या वरच्या अर्ध्यात हवी. जाळी जमिनीवर पसरायची आणि माल ओतताना आकड्याने वर ओढायची, ही सवय बऱ्याच ठिकाणी आहे. ओढलेली जाळी पुढच्या पावलाखाली पुन्हा तळाशी जाते आणि तिचा काही उपयोग राहत नाही. आम्ही तिच्याखाली हातभर अंतरावर सिमेंटचे ठोकळे ठेवले आणि चालायला फळ्या टाकल्या.

आता हिशेब. खोली ४ मीटर लांब, ३ मीटर रुंद आणि कोबा १० सेंटीमीटर जाड: ४ गुणिले ३ गुणिले ०.१०, म्हणजे १.२ घनमीटर काँक्रीट. ऐकायला थोडं वाटतं, पण घनमीटरला साधारण २,४०० किलो धरले तर जवळजवळ तीन टन माल चौघांना एका सकाळी हलवायचा होता. सिमेंट, वाळू आणि खडी यांचं प्रमाण १ : १.५ : ३ घेतलं. कोरडा माल भिजून दबला की त्याचं आकारमान घटतं, म्हणून कोरड्या मालाचा हिशेब १.५४ पटीने करतात. त्याप्रमाणे ५० किलोच्या दहा गोण्या सिमेंट निघालं. दोन जास्त आणल्या. मिक्सर एका वेळी अर्ध्या गोणीचा माल कालवणारा होता, म्हणजे अशा वीस घाण्या.

एका घाणीला २५ किलो सिमेंट, २६ लिटर वाळू, ५२ लिटर खडी. माझी बादली बरोबर १३ लिटरची होती, म्हणजे दोन बादल्या वाळू आणि चार खडी. पण वाळू दमट होती, आणि दमट वाळू फुगते. कणांवरच्या पाण्याच्या पातळ थरामुळे कण एकमेकांपासून दूर राहतात. मी एका सरळ भांड्यात ३० सेंटीमीटर दमट वाळू भरली आणि पाणी ओतून पूर्ण बुडवली. ती २४ सेंटीमीटरवर बसली. म्हणजे पाव पट फुगवटा. म्हणून दोन बादल्यांच्या जागी अडीच बादल्या घेतल्या. हे तपासलं नसतं तर प्रत्येक घाणीत वाळू कमी पडली असती आणि माल खरबरीत होऊन तो सपाट करायच्या पट्टीखाली सरकला नसता.

आणि पाणी. सिमेंटच्या वजनाच्या निम्मं, म्हणजे एका घाणीला १२.५ लिटर, त्याच्यावर एक थेंब नाही, असं मी भिंतीवर खडूने लिहून ठेवलं होतं. त्यातलं जवळजवळ २ लिटर वाळूतच होतं, म्हणून वरून साडेदहा. सिमेंटला रासायनिक क्रियेसाठी वजनाच्या साधारण पाव भागाइतकंच पाणी लागतं. बाकीचं पाणी माल कालवता आणि पसरवता यावा म्हणून असतं. ते जास्तीचं पाणी पुढे निघून जातं आणि मागे बारीक छिद्रं ठेवतं. अमेरिकन संशोधक डफ अब्राम्स यांनी १९१८ मध्ये शिकागोत असंख्य चाचण्या करून हेच मांडलं: पाणी आणि सिमेंट यांचं गुणोत्तर वाढलं की काँक्रीटची ताकद घटते. शंभर वर्षांहून जुनी गोष्ट आहे, तरी बांधकामावर अजून बादलीने, अंदाजाने पाणी ओतलेलं दिसतं आणि मला त्याचं मनापासून वाईट वाटतं.

सकाळी साडेसहाला पहिली घाणी फिरली. मिक्सरवर वहिनी आणि मी, एकचाकी गाडीवर नवरा, आत फावडं घेऊन दादा. समोरच्या भिंतीपासून सुरुवात करून दाराकडे सरकायचं, म्हणजे शेवटी बाहेर पडता येतं. लेव्हलला लावलेल्या दोन पाइपांवर ॲल्युमिनियमची सरळ पट्टी ठेवून, करवत चालवावी तशी पुढे-मागे हलवत माल ओढायचा. पट्टीपुढे मालाची बारीकशी वळकटी सतत राहिली पाहिजे. वळकटी तुटली की तिथे खळगा राहतो. कडेला आणि कोपऱ्यांत फावड्याच्या पात्याने टोचून हवा काढली. पट्टा पूर्ण झाला की पाइप उचलायचे, त्यांच्या जागी राहिलेल्या चरात माल भरायचा.

पहिल्या दहा घाण्या एका तालात झाल्या. माल इतका छान होता की फावड्यावरून घसरताना त्याला हलकी चमक यायची आणि तरी तो ढीग धरून राहायचा. पण मग ऊन वर आलं. दार उघडं, वारा आत येत होता. दादाचे हात भरून आले होते. सतराव्या घाणीला तो दारातून म्हणाला, "अगं, हा माल पट्टीखाली हलतच नाही. थोडं पाणी सोड ना."

"नको रे दादा. ठरलंय ना आपलं?"

"तू ये आत आणि ओढून बघ मग."

मी आत गेले. पट्टी ओढून पाहिली. खरंच जड होती. वहिनी माझ्याकडे बघत होती, मिक्सर फिरत होता, आणि अंगात थकवा होता. मी मान डोलावली. सतरा, अठरा आणि एकोणीस या तीन घाण्यांत आम्ही प्रत्येकी ३ लिटर पाणी जास्त घातलं. विसावी मी पुन्हा मापात केली, कारण भिंतीवरचं माझंच अक्षर समोर दिसत होतं. जास्तीच्या पाण्याने माल पट्टीखाली पळाला. दादा खूश झाला आणि मीही. दहाच्या सुमारास खोली भरली. त्या वेळी योग्य उपाय होता दोन माणसं जास्त बोलावण्याचा, किंवा मालात पाण्याऐवजी प्लास्टिसायझर घालण्याचा. ते घातलं की पाणी न वाढवता माल सैल होतो. ते आधी आणून ठेवायला हवं होतं. मी ठेवलं नव्हतं.

पट्टीनंतर लगेच लाकडी रंधा फिरवून पृष्ठभाग बंद केला. मग वाट पाहणं. काही वेळाने सगळ्या कोब्यावर पाण्याची चकाकी आली. जड खडी आणि वाळू खाली बसते आणि पाणी वर येतं. दाराजवळ ते सगळ्यात जास्त आलं, अक्षरशः थारोळं. हे पाणी वर असताना पोलादी थापी मारायची नाही, कारण ते पाणी वरच्या कातडीत दाबलं जातं आणि ती कातडी कमकुवत होते. आणि एक सवय मी ठामपणे नाकारली: पाणी शोषावं म्हणून वरून कोरडं सिमेंट भुरभुरणं. तसं केलं की त्या दिवशी कोबा गुळगुळीत दिसतो, पण वरचा पापुद्रा खालच्या मालापासून वेगळा राहतो आणि पुढे सोलून निघतो. आम्ही रबरी नळी हळूच पृष्ठभागावरून ओढून पाणी दाराबाहेर काढलं. मग पाऊल ठेवल्यावर पाच-सहा मिलिमीटरच ठसा उमटू लागला, तेव्हा गुडघ्याखाली फळी घेऊन थापी सुरू केली. दुपारचे दोन वाजले होते. दाराजवळच्या भागाला आणखी दीड तास थांबावं लागलं.

गुडघ्यांबद्दल थोडं. सकाळी पट्टी ओढताना मी एकदा ओल्या मालात गुडघा टेकला होता. विजार भिजली, थोडं पुसलं आणि कामाला लागले. ओल्या सिमेंटचा सामू १२ ते १३ असतो, म्हणजे तो कडक अल्कली. तो आगीसारखा लगेच चटका देत नाही. संध्याकाळी अंघोळीला गेले तेव्हा गुडघा लालभडक, आणि दुसऱ्या दिवशी तिथली कातडी गेली होती. भरून यायला तीन आठवडे लागले आणि डॉक्टरांकडे दोन फेऱ्या झाल्या. दुखत नाही म्हणून माणूस थांबत नाही, हाच त्यातला धोका. गमबूट, रबरी हातमोजे, डोळ्यांना चष्मा आणि ओला झालेला कपडा त्याच क्षणी बदलून भरपूर पाण्याने अंग धुणं: हे मी आता कोणालाही सगळ्यात आधी सांगते.

दुसऱ्या दिवशी सकाळी कटरने खोलीच्या मधोमध आडवा चर मारला, अडीच सेंटीमीटर खोल, म्हणजे जाडीच्या पाव भाग. ४ मीटरचा सलग पट्टा आकसताना कुठेतरी तडकणारच. चर मारला की तो चराच्या तळाशी, सरळ रेषेत तडकतो. आठवड्याने बॅटरीच्या उजेडात वाकून पाहिलं, तर चराच्या आत केसासारखी सरळ भेग होती आणि बाकी खोलीत एकही नव्हती. ती भेग बघून मला जितका आनंद झाला तितका गुळगुळीत कोबा बघूनही झाला नव्हता.

आता पाण्याची बाजू पालटली. इतका वेळ ज्याला मापात ठेवायचं होतं, तेच आता सढळ हाताने द्यायचं. काँक्रीट वाळून घट्ट होत नाही. सिमेंट आणि पाण्याच्या क्रियेने ते घट्ट होतं, आणि पाणी उडून गेलं की ती क्रिया थांबते. सात दिवसांत ठरलेल्या ताकदीचा साधारण दोन तृतीयांश भाग येतो, २८ दिवसांना हिशेबातली पूर्ण ताकद धरतात. आम्ही गोणपाट अंथरलं, सकाळ-संध्याकाळ भिजवलं आणि वर प्लास्टिक टाकलं. सात दिवस पुरले असते, आम्ही दहा दिवस केलं. सकाळी प्लास्टिक उचलल्यावर जो दमट, मातकट वास यायचा त्याची मला सवय झाली होती. अकराव्या दिवशी पाणी मारायचं नव्हतं तरी मी बादली घेऊन दारात गेले.

त्यानंतर पाणी बाहेर जाऊ द्यायचं, आणि त्याला कुणी घाई करू शकत नाही. खाली प्लास्टिक असल्यामुळे कोबा फक्त वरून सुकतो. ढोबळ अंदाज असा की अडीच सेंटीमीटर जाडीला एक महिना, म्हणजे आम्हाला चार महिने. आम्हाला वर लाकडी फळ्या बसवायच्या होत्या, आणि ओल्या कोब्यावर लाकूड फुगून उठतं. दोन महिन्यांनी मी हातभर प्लास्टिकचा तुकडा चारही बाजूंनी चिकटपट्टीने जमिनीला चिकटवला. दुसऱ्या दिवशी त्याच्या आत दवासारखे थेंब होते आणि खालचा कोबा काळपट पडला होता. वरून मात्र खोली कोरडीठाक दिसत होती. डोळ्यांवर विश्वास ठेवला असता तर फळ्या गेल्या असत्या. साडेचार महिन्यांनी तीन जागी तुकडे चिकटवले आणि तिन्ही कोरडे निघाले. फळ्या विकणाऱ्याच्या ओलमापकाने पुन्हा खात्री केली, मगच बसवायला घेतल्या.

दाराजवळचा दीड पावलांचा पट्टा मात्र वेगळाच राहिला. त्याचा रंग फिकट, आणि बारीक जाळीसारख्या भेगा. झाडू मारला की तिथून पांढरी भुकटी निघायची, पुन्हा मारला की पुन्हा निघायची. खिळ्याने ओरखडा काढून पाहिला: आतल्या बाजूला रेघ जेमतेम उमटायची, इथे खिळा रुतायचा. मी तो वरचा थर घासून काढला आणि सोडियम सिलिकेटचं द्रावण दोनदा मारलं. ते काँक्रीटमधल्या चुन्याशी क्रिया करून छिद्रं बुजवतं. भुकटी बरीच कमी झाली, पूर्ण थांबली नाही. सगळ्यात जास्त पाय त्याच जागी पडतात, म्हणून फळ्या उंबऱ्यापर्यंत न नेता तिथे दगडी फरशीचा पट्टा बसवायचं ठरलं. त्यासाठी तो भाग तीन सेंटीमीटर खोल खोदून काढायचा आहे. दादा पुढच्या रविवारी येतो म्हणालाय, आणि येताना मापाची बादली मी आणतो, असंही त्याने बजावून सांगितलंय.